प्रजनन दराचा आकडा नेमका कुणाचा?

दर वर्षी कुठल्या ना कुठल्या देशाचा एकूण प्रजनन दर जाहीर होतो आणि ठरलेला वाद पुन्हा पेटतो. एक बाजू म्हणते, स्त्रियांना आता सरासरी दीडच मूल होते, दोन पिढ्यांत हा देश म्हाताऱ्यांचा होणार आणि मग संपणार. दुसरी बाजू लोकसंख्येचा चढता आलेख पुढे करते आणि विचारते, संपणार कसला, इथे तर गर्दी वाढतेच आहे, आणखी कडक कायदे हवेत. दोघांकडेही आकडे असतात आणि ते बहुधा बरोबरही असतात. चुकते ते वाचन. एका वर्षात झालेल्या जन्मांचे मोजमाप म्हणजेच स्त्रियांच्या आयुष्याची हकिकत, असे पहिली बाजू धरून चालते. लोकसंख्येत आज दिसणारी वाढ म्हणजे आजच्या जोडप्यांच्या वागण्याचा परिणाम, असे दुसरी. दोन्ही गृहीतके चुकीची आहेत. माझे म्हणणे असे आहे की केवळ वर्षाच्या प्रजनन दरावर लोकसंख्येचे धोरण ठरवू नये. एकाच वर्षी जन्मलेल्या स्त्रियांना प्रत्यक्षात किती मुले झाली, कोणत्या वयात झाली आणि देशाची वयोरचना काय आहे, हे शेजारी मांडल्याशिवाय तो आकडा भीती घालायलाही पुरेसा नाही आणि दिलासा द्यायलाही नाही.

जपानचे दोन आकडे घेऊ. 1966 साली तिथला एकूण प्रजनन दर 1.58 होता, 1989 साली 1.57. जवळजवळ एकच आकडा, पण त्यामागे घडलेले अगदी वेगळे. 1966 हे साठ वर्षांच्या पंचांगचक्रातले ‘अग्नी-अश्व’ वर्ष. त्या वर्षी जन्मलेली मुलगी नवऱ्याच्या मुळावर येते अशी समजूत होती, म्हणून असंख्य जोडप्यांनी तेवढे वर्ष टाळले. 1965 साली सुमारे 18 लाख 20 हजार जन्म झाले होते. 1966 साली ते 13 लाख 60 हजारांवर उतरले आणि 1967 साली 19 लाख 30 हजारांच्या पुढे गेले. दर 2.14वरून 1.58वर आणि तिथून थेट 2.23वर. त्या काळात आया होत असलेल्या स्त्रियांना आयुष्यभरात सरासरी दोनच्या आसपास मुले झाली. त्यांना मूल हवे होते, फक्त त्या वर्षी नको होते. 1989 साली असली कुठलीही समजूत आड आलेली नव्हती. लग्ने उशिरा होत होती, बरीच होतच नव्हती, आणि तेव्हा ऐन विशीच्या उंबरठ्यावर असलेल्या, 1970च्या आसपास जन्मलेल्या जपानी स्त्रियांना पुढे आयुष्यभरात सरासरी दीडच्या आसपासच मुले झाली. जपानमध्ये त्या 1.57ला ‘धक्का’ म्हटले गेले ते योग्यच होते. पण नुसता 1.58 आणि नुसता 1.57 समोर ठेवले तर कोणता आकडा वर्षभराच्या टाळाटाळीचा आणि कोणता पिढीच्या बदलाचा, हे कुणाला ओळखता येईल? ते ओळखण्याची सोय या मोजमापात मुळातच नाही.

हा दर तयार कसा होतो ते पाहिले की कारण कळते. 15 ते 49 या वयांतल्या स्त्रियांचे पाच-पाच वर्षांचे सात गट करायचे. प्रत्येक गटातल्या स्त्रियांना त्या वर्षी झालेली बाळे मोजायची आणि वर्षाच्या मध्याला त्या गटात जेवढ्या स्त्रिया असतील त्या संख्येने भागायचे. समजा दर हजार स्त्रियांमागे अनुक्रमे 10, 80, 120, 90, 40, 10 आणि 0 असे जन्म आले. बेरीज 350. प्रत्येक गटात स्त्री पाच वर्षे काढते म्हणून पाचाने गुणायचे, झाले 1750. हजाराने भागले की 1.75. हाच एकूण प्रजनन दर. आता ही 1.75 मुले होणारी स्त्री कोण? पंधराव्या वर्षी ती आजच्या पंधरा वर्षांच्या मुलीप्रमाणे वागते, पंचविशीत आजच्या पंचविशीतल्या स्त्रीप्रमाणे आणि चाळिशीत आजच्या चाळिशीतल्या स्त्रीप्रमाणे. म्हणजे पस्तीस वर्षांचे आयुष्य ती एकाच वर्षात जगते. अशी स्त्री कुठेही नाही. पस्तीस निरनिराळ्या वर्षी जन्मलेल्या स्त्रियांच्या आयुष्यांचे तुकडे जोडून केलेली ती एक कल्पना आहे. कल्पना म्हणून ती फार उपयोगाची आहे. एका देशात तरुणी जास्त आणि दुसऱ्यात कमी असल्या तरी दोघांची तुलना करता येते, आणि हजारी जन्मदराला, म्हणजे दर हजार लोकांमागच्या जन्मांना, हे जमत नाही. अडचण सुरू होते ती या कल्पित स्त्रीला खरी समजून तिच्या नावाने कायदे करायला निघाल्यावर.

आयुर्मानाच्या बाबतीत हीच चूक आपण सहसा करत नाही. अमेरिकेत जन्मवेळचे आयुर्मान 1917 साली सुमारे 51 वर्षे होते, 1918च्या इन्फ्लुएन्झाच्या साथीत ते 39पर्यंत कोसळले आणि 1919 साली 55च्या आसपास पोचले. मग 1918 साली जन्मलेली बाळे सरासरी एकोणचाळिसाव्या वर्षी वारली का? अर्थातच नाही. 1918चे मृत्युदर आयुष्यभर तसेच राहिले असते तर काय झाले असते, एवढेच तो आकडा सांगतो, आणि ते दर पुढच्याच वर्षी राहिले नाहीत. करोनाच्या साथीत अमेरिकेचे आयुर्मान 2019च्या 78.8वरून 2021 साली 76.4वर आले आणि 2023 साली पुन्हा 78.4 झाले, तेव्हाही 2021 साली जन्मलेल्या मुलांचे आयुष्य आखूड झाले असे कुणा जाणत्याने म्हटले नाही. आयुर्मान आणि एकूण प्रजनन दर यांची बांधणी एकाच तत्त्वावर झाली आहे. मग मृत्यूच्या बाबतीत दाखवलेली सावधगिरी जन्माच्या बाबतीत का गळून पडते?

जन्माच्या बाबतीत तर ती जास्तच हवी, कारण मृत्यू ठरवून पुढे ढकलता येत नाही, बाळंतपण येते. समजा एका देशात प्रत्येक स्त्रीला आयुष्यात बरोबर दोन मुले होतात आणि त्यात कधीच बदल होत नाही. बदलते ते फक्त वय: बाळंतपणाचे सरासरी वय दर वर्षी 0.1 वर्षाने, म्हणजे साधारण पाच आठवड्यांनी पुढे सरकते. मग या बारा महिन्यांत व्हायच्या जन्मांपैकी दहा टक्के वर्षाची हद्द ओलांडून पलीकडे जातात, पुढच्या वर्षी पुन्हा तसेच, आणि वर्षाचा दर 2ऐवजी 1.8 दिसतो. हे सरकणे वीस वर्षे चालले तर वीस वर्षे 1.8च दिसेल, आणि त्या वीस वर्षांत एकाही स्त्रीला दोनपेक्षा कमी मुले झालेली नसतील. सरकणे थांबले की दर आपोआप 2वर येईल, आणि त्या वेळी सत्तेवर असलेले सरकार आपल्या अनुदान योजनेला यश आले म्हणून सांगेल. जॉन बोंगार्ट्स आणि ग्रिफिथ फीनी यांनी 1998 साली यावर एक सोपी दुरुस्ती सुचवली: वर्षाच्या दराला, एकातून सरासरी वयातली वार्षिक वाढ वजा करून येणाऱ्या संख्येने भागा. वरच्या उदाहरणात 1.8 भागिले 0.9, म्हणजे 2. मात्र हे गणित पहिले, दुसरे, तिसरे अशा अपत्यक्रमाने वेगवेगळे करून मग बेरीज घ्यावी लागते. सगळी अपत्ये एकत्र घेतली तर फसगत होते, कारण तिसरे-चौथे मूल होणे बंद झाले की बाळंतपणाचे एकंदर सरासरी वय खाली येते, मग पहिले मूल कितीही उशिरा होत असो.

चेक प्रजासत्ताकात हे सगळे उघड्या डोळ्यांनी पाहता येते. 1990 साली तिथे पहिल्या बाळंतपणाचे सरासरी वय साडेबावीसच्या आसपास होते. पुढच्या तीस वर्षांत ते अठ्ठावीसच्या पुढे गेले. या ओढीत प्रजनन दर 1999 साली 1.13पर्यंत उतरला. त्या वर्षी ‘चेक स्त्रियांना एकच मूल हवे’ असा निष्कर्ष काढणे किती सोपे होते! पण त्या वेळी विशीच्या मध्यावर असलेल्या, 1970च्या दशकाच्या मध्याला जन्मलेल्या स्त्रियांना शेवटी सरासरी 1.8च्या आसपास मुले झाली. 2021 साली वर्षाचा दरही 1.83वर पोचला. आणि 2024 साली तो पुन्हा 1.37वर आला आहे. ही नवी घसरण म्हणजे पुन्हा पुढे ढकलणे आहे की खरेच कमी मुले, हे 1.37 या आकड्यात कितीही निरखून पाहिले तरी दिसणार नाही.

उलट दिशेनेही हेच घडते. अमेरिकेत दुसऱ्या महायुद्धानंतरच्या बाळलाटेत 1957 साली दर सुमारे 3.7पर्यंत चढला होता आणि 1976 साली 1.74पर्यंत खाली आला. पण पिढ्यांकडे पाहिले तर सर्वाधिक मुले झालेल्या, 1930च्या दशकाच्या पूर्वार्धात जन्मलेल्या अमेरिकी स्त्रियांचा अंतिम आकडा 3.2च्या आसपास भरतो आणि 1950च्या दशकात जन्मलेल्यांचा दोनच्या जवळपास. बदल मोठाच होता, पण वर्षाच्या दराने तो 3.7 ते 1.7 असा फुगवून दाखवला. आधी लग्ने लवकर झाली, थोरल्या बहिणींची राहिलेली आणि धाकट्यांची लवकरची बाळंतपणे एकाच दशकात येऊन पडली. नंतर उशीर सुरू झाला. नॉर्मन रायडर यांनी वर्ष आणि पिढी यांच्यातले हे भाषांतर गणितात मांडून दाखवले, त्यालाही आता अर्धशतक उलटून गेले आहे.

या फुगवट्यावर विसंबून भाकिते केली की काय होते, याचा इतिहास लांबलचक आहे. 1920 साली रेमंड पर्ल आणि लोवेल रीड यांनी अमेरिकेच्या आधीच्या जनगणनांवर इंग्रजी ‘एस’च्या आकाराची वक्ररेषा बसवली आणि देशाची लोकसंख्या 19 कोटी 70 लाखांच्या आसपास कायमची स्थिरावेल असे काढले. रेषा मागच्या सव्वाशे वर्षांवर सुरेख बसत होती. पण तिच्या आत ना वय होते, ना स्थलांतर, ना बाळंतपण. होती ती फक्त एकूण संख्या. 1967 साली अमेरिकेने वीस कोटींचा टप्पा ओलांडला आणि 2020च्या जनगणनेत 33 कोटी 10 लाख लोक मोजले गेले. 1935च्या सुमारास एनिड चार्ल्स यांनी इंग्लंड-वेल्ससाठी केलेल्या गणितात वयोगट होते, मृत्युदर होते, पद्धत पर्ल यांच्यापेक्षा कितीतरी सरस होती. पण घसरते दर तसेच घसरत राहतील असे धरल्यावर चार कोटींची लोकसंख्या शंभर वर्षांत सुमारे 44 लाखांवर येते, असे उत्तर निघाले. 2021च्या जनगणनेत इंग्लंड-वेल्समध्ये 5 कोटी 96 लाख लोक होते. चार्ल्स यांचे गणित चुकलेले नव्हते, आणि गृहीतके बदलली तर उत्तर बदलते हे त्यांनी स्वतःच पर्यायी आकडे देऊन दाखवले होते. वाचणाऱ्यांनी सगळ्यात भयानक पर्याय उचलला आणि त्याला भविष्य म्हटले.

आता विरुद्ध बाजूचे खरे वजनदार मुद्दे. पहिला: पिढीचा अंतिम आकडा कळायला ती पिढी पंचेचाळीस-पन्नाशीची व्हावी लागते, तोवर धोरणाची वेळ निघून गेलेली असते. हे मान्य करायलाच हवे. दुसरा: पुढे ढकललेले सगळेच जन्म नंतर होत नाहीत. पस्तिशीनंतर गर्भधारणा अवघड होत जाते, जोडीदार मिळत नाही, आणि ‘नंतर’चे ‘नाहीच’ कधी झाले ते कळतही नाही. दक्षिण कोरियात 2023 साली दर 0.72 होता, त्यातला काही भाग उशिराचा असला तरी तिथल्या पिढ्यांचे अंतिम आकडेही एकामागून एक खाली चालले आहेत. तिसरा मुद्दा मला सगळ्यात बळकट वाटतो: पुढे ढकललेला जन्म हाही या वर्षी न झालेला जन्मच असतो. सहा वर्षांनी पहिलीच्या वर्गात तेवढी मुले कमी बसतात, आणि दोन पिढ्यांमधले अंतर वाढले की लोकसंख्येची वाढ खरोखरच मंदावते. उशीर हा डोळ्यांचा भ्रम आहे असे म्हणणे म्हणजे दुसऱ्या टोकाची चूक.

तिसऱ्यापासून सुरुवात करतो. पहिलीचे वर्ग मोजायचे तर जन्मांची संख्याच घ्यावी, तिथे प्रजनन दराचे काम नाही. ती संख्या दर वर्षी मिळते आणि तिला कुठल्याही कल्पित स्त्रीचा आधार लागत नाही. पण वर्ग बंद करायचा की बाके पाच वर्षे झाकून ठेवायची, हे ठरवायला घट टिकाऊ आहे की तात्पुरती ते कळावे लागते, आणि तिथे पुन्हा पिढीकडेच वळावे लागते. उपायही त्यावर ठरतात. जोडप्यांना दोन मुले हवी आहेत पण घर आणि नोकरी स्थिर होईपर्यंत थांबावे लागते, असे असेल तर घरभाडे, पाळणाघर आणि वंध्यत्वावरचे उपचार यांना अर्थ आहे. दुसरे मूल मुळात नकोच असेल तर त्याच पैशाने काही हलणार नाही.

पहिल्या दोन मुद्द्यांना उत्तर देण्यासाठी पन्नाशीपर्यंत थांबण्याची गरज नाही. प्रत्येक जन्मवर्षाच्या स्त्रियांना तिसाव्या, पस्तिसाव्या आणि चाळिसाव्या वर्षापर्यंत किती मुले झाली याची बेरीज ठेवली की पुरते. समजा आधीच्या पिढीला तिशीपर्यंत सरासरी 1.3 मुले झाली होती आणि नंतरच्या पिढीला 0.8. तूट 0.5. तीस ते चाळीस या वयात आधीच्या पिढीला आणखी 0.5 मुले झाली, तर नंतरच्या पिढीला 0.85. म्हणजे 0.5च्या तुटीपैकी 0.35 भरून निघाली, सत्तर टक्के. चाळिशीला आधीची पिढी 1.8वर आणि नंतरची 1.65वर. हे भरपाईचे प्रमाण पिढ्यानपिढ्या टिकते आहे की घसरते आहे, हा आपल्याला हवा असलेला इशारा. आणि पस्तिशीच्या आकड्यावरून तो पाच-दहा वर्षे आधी मिळतो. उत्तर युरोपात ही भरपाई दीर्घकाळ चांगली राहिली, पूर्व आशियात ती तोकडी पडली. त्याच्या जोडीला एक मूल असलेल्यांपैकी किती जणींना दुसरे होते, हे अपत्यक्रमाचे गुणोत्तर ठेवावे. घसरण मूल नसलेल्या स्त्रिया वाढल्याने आहे की एकावर थांबणाऱ्या वाढल्याने, हे त्यातून दिसते. कोरियाची काळजी करायला याच मोजमापांनी भक्कम कारण मिळते. मी सगळे ठीक आहे असे म्हणत नाही. जिथे खरोखर ठीक नाही ते ठिकाण नेमके दाखवता आले पाहिजे, एवढाच आग्रह आहे.

दुसऱ्या बाजूची, म्हणजे गर्दीला घाबरणाऱ्यांची चूक वयोरचनेतली आहे. भारतात राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, 2019-21 साली, एकूण प्रजनन दर 2.0 निघाला. तरीही लोकसंख्या वाढते आहे, आणि म्हणून लोक नियम मोडत आहेत असा आरोप होतो. पण आज आई होण्याच्या वयात असलेल्या स्त्रिया वीस-तीस वर्षांपूर्वी, दर बराच जास्त असताना जन्मल्या. त्या संख्येनेच जास्त आहेत. प्रत्येकीला दोनच मुले झाली तरी जन्म भरपूर होणार, आणि मरणाच्या वयात पोचलेली पिढी लहान असल्याने मृत्यू कमी. धावती आगगाडी ब्रेक लावल्यावरही काही अंतर जाते तसे हे आहे. नेथन कीफित्झ यांनी 1971 साली या गतीचे सूत्र मांडले. अशा स्थितीत तिसऱ्या मुलाला शिक्षा करणारा कायदा उद्या आणला तर तो कोणत्या वाढीवर चालणार? ज्या वाढीचे कारण तिसरे मूल नाहीच, तिच्यावर?

हजारी मृत्युदराचेही असेच. भारताचा 2020चा हजारी मृत्युदर 6.0, स्वीडनचा नऊच्या वर. भारतात माणसे जास्त जगतात का? आयुर्मान स्वीडनमध्ये ऐंशीच्या वर आहे, भारतात सत्तरीच्या आसपास. स्वीडनमध्ये फक्त म्हातारे जास्त आहेत. हाच फास हजारी जन्मदरात असतो. 1925 साली लुई डब्लिन आणि आल्फ्रेड लोटका यांनी दाखवले की 1920च्या अमेरिकेची नैसर्गिक वाढ हजारी 11 दिसत असली, तरी त्या वेळचे जन्म-मृत्यूचे दर कायम राहिले तर तरुण वयोरचनेचा फायदा ओसरल्यावर ती हजारी साडेपाचच उरेल. वाढीचा अर्धा भाग वयोरचनेतून आला होता. शंभर वर्षे जुना हा धडा आहे.

लोकसंख्या टिकून राहायला दर स्त्रीमागे 2.1 मुले हवीत असे म्हणतात, त्या 2.1 या आकड्याविषयीही एक गोष्ट बोलून ठेवतो, कारण तो सर्वत्र निसर्गनियमासारखा फेकला जातो. एका स्त्रीच्या जागी पुढच्या पिढीत आई होण्याच्या वयापर्यंत जगलेली एक मुलगी यावी, एवढाच त्याचा अर्थ. शंभर मुलींमागे 105 मुलगे जन्मतात तिथे मुलींचा वाटा 0.488. त्यांतल्या 98 टक्के आई होण्याच्या वयापर्यंत जगल्या तर 1 भागिले (0.488 गुणिले 0.98), उत्तर 2.09. पण गर्भलिंगनिवडीमुळे शंभर मुलींमागे 112 मुलगे जन्मत असतील आणि 95 टक्केच मुली त्या वयापर्यंत पोचत असतील, तर हीच पातळी 2.23 होते. तिथे 2.1 म्हणजे घसरण. मुली जन्मू न देणाऱ्या समाजाला दोन-दशांश-एक हे उद्दिष्ट देणे म्हणजे त्या न जन्मलेल्या मुलींचा हिशोबच मिटवून टाकणे.

सक्तीच्या बाजूने चीनचे उदाहरण नेहमी येते. तिथला दर 1970 साली पावणेसहाच्या आसपास होता आणि 1979 साली पावणेतीनच्या. घसरणीचा मोठा भाग एक-मूल धोरण लागू होण्याआधीच, लग्न उशिरा आणि मुलांत अंतर या मोहिमेच्या दशकात घडून गेला होता. त्या मोहिमेतही सरकारी दबाव होताच, हे नाकारायचे कारण नाही. पण 1980नंतरच्या कठोर धोरणाच्या नावावर आधीच्या दशकाची घट जमा करता येत नाही. रोमानियाने उलटी सक्ती केली. ऑक्टोबर 1966मध्ये गर्भपातावर जवळजवळ संपूर्ण बंदी आली आणि दर 1.9वरून 1967 साली 3.7च्या आसपास उडाला. तिथेच वाचन थांबवले तर बंदी यशस्वी. पण स्त्रियांनी दुसरे मार्ग शोधले, बेकायदा गर्भपात वाढले, 1980च्या दशकाच्या सुरुवातीला दर पुन्हा दोनच्या आसपास आला आणि मातामृत्यूंचे प्रमाण युरोपात सर्वाधिक झाले. एका वर्षाचा आकडा पाहून आनंदलेल्या राजवटीने त्याची किंमत स्त्रियांच्या जिवाने वसूल केली.

इथवर आकडे बरोबर मोजले गेले आहेत असे धरले. तेही दर वेळी खरे नसते. वय नक्की ठाऊक नसले की लोक 25, 30, 35 असे गोल आकडे सांगतात. हे तपासायला व्हिपल यांचा निर्देशांक आहे: 23 ते 62 वयांतल्या लोकांपैकी ज्यांच्या वयाच्या शेवटी 0 किंवा 5 येते त्यांची संख्या पाचाने गुणायची, 23 ते 62मधल्या एकूण संख्येने भागायची आणि शंभराने गुणायची. 100 आले तर गोल आकड्यांचा ओढा नाही. 500 आले तर सगळ्यांनीच वय गोल सांगितले. चोवीसची स्त्री पंचवीस सांगते तेव्हा 20-24 गटातून स्त्री आणि तिचे बाळ दोन्ही पुढच्या गटात जातात, त्यामुळे एकूण दरात ही चूक काही अंशी आपसात फिटते. बाळच नोंदवायचे राहिले तर ती फिटत नाही. सर्वेक्षणांत एक आणखी बारीक खोट असते. पाच वर्षांखालच्या प्रत्येक मुलासाठी लसीकरणाची, वजन-उंचीची लांब प्रश्नावली असते. थकलेल्या प्रगणकाने पावणेपाच वर्षांच्या मुलाचे वय सव्वापाच लिहिले की तेवढे काम वाचते. मग अलीकडच्या पाच वर्षांत जन्म कमी आणि त्याआधी जास्त दिसतात, आणि न झालेली घसरण तयार होते. चीनच्या 2000च्या जनगणनेतून थेट काढलेला दर 1.22 येत होता. पुढे शाळाप्रवेशांशी ताडून पाहिल्यावर बरीच मुले मोजणीतून सुटल्याचे दिसले.

किती सुटली याचा अंदाज घेण्याची एक नामी रीत सी. चंद्रशेखरन आणि डब्ल्यू. एडवर्ड्स डेमिंग यांनी 1949 साली, बंगालमधल्या सिंगूरच्या नोंदी वापरून मांडली. एकाच गावाच्या जन्मांच्या दोन स्वतंत्र याद्या करायच्या. नोंदणीच्या यादीत 80 जन्म, घरोघर फिरून केलेल्या यादीत 75, दोन्हीत सापडलेले 60. 80 गुणिले 75 भागिले 60, म्हणजे खरे जन्म अंदाजे 100. दोन्ही याद्या मिळून 95च सापडले होते, पाच दोघींतूनही निसटले. भारताची नमुना नोंदणी पद्धत अशाच दुहेरी नोंदीवर उभी आहे. यातली मेख ‘स्वतंत्र’ या शब्दात आहे. वस्तीच्या टोकाची झोपडी एका यादीतून सुटते ती बहुधा दुसऱ्यातूनही सुटते, आणि मग 100 हाही अंदाज कमीच ठरतो. दुसऱ्या प्रगणकाने पहिल्याची वही आधी चाळली तर सगळी पद्धतच कोलमडते.

राहिली लांबची भाकिते. संयुक्त राष्ट्रांनी 1958 साली 2000 सालच्या जगासाठी 628 कोटींचा अंदाज दिला होता, प्रत्यक्षात सुमारे 610 कोटी भरले. याचा दाखला देऊन भाकितांवर विश्वास ठेवा असे सांगितले जाते. पण एकूण बेरीज जमली ती निरनिराळ्या प्रदेशांतल्या चुका एकमेकींना खात गेल्या म्हणूनही. 2019च्या आवृत्तीत 2100 सालचे जग 1090 कोटींचे होते. 2024च्या आवृत्तीत 2080च्या दशकाच्या मध्याला 1030 कोटींवर शिखर गाठून ते उतरू लागते. पाच वर्षांत एवढा फरक का? कारण शेवटी दर कुठे स्थिरावतो या गृहीतकातला दशांशाचा फरक पिढ्यांमध्ये गुणत जातो. दर 1.8वर राहिला तर शंभर मुलींच्या जागी चार पिढ्यांनी सुमारे 56 मुली जन्मतात, 1.5वर राहिला तर 27. दोन्ही गृहीतके आज तितकीच बचाव करण्याजोगी आहेत. म्हणून आता संयुक्त राष्ट्रे एका रेषेऐवजी शक्यतांचा पट्टा देतात आणि शिखर याच शतकात येण्याची शक्यता 80 टक्के म्हणतात. बातमीत मात्र मधली रेषा उरते, पट्टा गळून जातो.

2026 हे पुन्हा अग्नी-अश्व वर्ष आहे. त्या वर्षाचा जपानी दर खाली आला तर साठ वर्षांपूर्वीची समजूत परतली असे म्हणणारे निघतील आणि लोकसंख्या कोसळली असे म्हणणारेही. वर राहिला तर धोरण फळले म्हणणारे. तो दर जाहीर होईल तेव्हा त्याच्या शेजारी 2025 आणि 2027चे महिन्यावार जन्म मांडावेत. खड्डा डिसेंबर आणि जानेवारीच्या काठांवर उभा तुटलेला असेल तर ती समजूत. वर्षाच्या दोन्ही अंगांना घसरगुंडी सारखीच चालू असेल तर ती नव्हे. आणि 1991 साली जन्मलेल्या, त्या वर्षी पस्तिशीला पोचणाऱ्या स्त्रियांपैकी किती जणींना पहिले मूल झाले आहे, त्यांच्याहून पाच आणि दहा वर्षांनी थोरल्या स्त्रियांपैकी त्याच वयात किती जणींना झाले होते, ही तीन आकड्यांची ओळ त्या खाली छापावी.